म्हणणं घेतलं का?

आमच्या शेजारच्या बापूंनी एकदा मांजराची रीतसर चौकशी लावली होती. नलूवहिनींनी अंगणात वाळत घातलेले बोंबील कमी झाले होते आणि मांजर कुंपणाशी बसलेलं. वहिनींनी केरसुणी उगारली, तसे बापू आडवे आले.

"थांब! त्याचं म्हणणं घेतलंस का?"

"अवो, तोंडात बोंबील हाय त्याच्या!"

"तो पुरावा झाला. म्हणणं वेगळं."

हा वाद चालू असतानाच आरोपी मुद्देमालासह कौलांवर पसार झाला.

बापू सरकारी कचेरीत कारकून होते. जन्मभर त्यांनी इतरांची आरोपपत्रं आणि निलंबनाचे आदेश टाइप केले. निवृत्त होऊन मुरूडकडच्या आमच्या गावी आले, पण कचेरी काही डोक्यातून गेली नाही. आमटी खारट झाली की ते वहिनींना खुलाशाची संधी देतात. वहिनींचा खुलासा ठरलेला असतो, "उद्यापास्ना तुमीच करा." प्रकरण तिथंच दप्तरी दाखल होतं.

आम्ही सगळे त्यांना हसायचो. मग गेल्या उन्हाळ्यात गजाचं प्रकरण झालं.

गजा म्हणजे ग्रामपंचायतीचा पाणी सोडणारा. गावातल्या एका मुलीच्या ऐन लग्नाच्या दिवशी त्यानं पंप चालू केला नाही. बोर्ली पंचतनहून आलेलं वऱ्हाड बिनआंघोळीचं मांडवात बसलं. अत्तराचा वास आणि घामाचा वास यांची चांगलीच जुंपली होती. दुसऱ्याच दिवशी सभा भरली. "काढून टाका त्याला!" असा एकच गिल्ला झाला. सरपंचांनी पेनचं टोपणही काढलं. गजा कोपऱ्यात पंचा पिळत उभा होता. त्या पगारावरच त्याच्या घरची चूल पेटत होती.

बापू उठले. "गजाचं म्हणणं घेतलं का?"

"बापू, आख्ख्या गावाची आंघोळ ऱ्हायली! आता म्हणणं कसलं?"

"आरोप लेखी द्या. त्याला वेळ द्या. आणि चौकशीत नवरीचे काका नकोत."

नवरीचे काका पंचायतीचे सदस्य होते. ते उसळले, "मी का नको?"

"ज्याची आंघोळ राहिली, तो न्यायाला कसा बसणार?"

काका पुटपुटत खाली बसले. चौकशी ठरली. बापूंनी गजाला घरी बसवून, चहा पाजून बोलायला शिकवलं. घाबरायचं नाही, मान वर करून खरं तेच सांगायचं.

चौकशीच्या दिवशी गजानं मान वर केली आणि खरं तेच सांगितलं. "झोप लागली. दुसरं कारन काय न्हाय."

बापूंनी कपाळावर हात मारला. सगळे खो खो हसले, आणि हसताना लोकांचा राग निम्मा उतरला. याआधी कधी असं झालं होतं का, असं सरपंचांनी विचारलं. कुणालाच आठवेना. गजाचा आठवड्याचा पगार कापला गेला, नोकरी राहिली.

संध्याकाळी ओटीवर मी बापूंना छेडलं, "गुन्हा तर त्यानं कबूलच केला. मग एवढा खटाटोप कशाला?"

बापू ओटीच्या कडेला सरकून बसले. मग म्हणाले, "माझा बाप खाडीपलीकडं जाणाऱ्या सरकारी लाँचवर खलाशी होता. एकदा लाँच सुटली नि एक साहेब धक्क्यावर राहिला. दुसऱ्या दिवशी बापाला काढलं. काय झालं म्हणून कुणी विचारलंसुद्धा नाही. विचारलं असतं तर काय सांगितलं असतं, ते तो मरेपर्यंत मला ऐकवायचा. पाठ आहे मला."

"काय सांगितलं असतं?"

बापू उठले. त्यांनी सदऱ्याचं वरचं बटण लावलं, हात जोडले आणि रिकाम्या अंगणाकडे बघत म्हणाले, "साहेब, काळोख पडला व्हता. तुमी मना दिसला न्हाय. दिसला असता तं थांबलो नसतो का?"

"एवढंच?"

"एवढंच."

नलूवहिनी चहा घेऊन दारात उभ्या होत्या. इतक्या वर्षांच्या संसारात त्यांनीही हे पहिल्यांदाच ऐकलं होतं. त्यांनी कप खाली ठेवले आणि बापूंच्या समोर येऊन बसल्या.

"परत सांगा," त्या म्हणाल्या. "मना नीट ऐकू द्या."