ब्रॉनस्टाइनच्या नावाचं पिठलं

बुद्धिबळपटू डेव्हिड ब्रॉनस्टाइन गेल्याची बातमी अमेरिकेतल्या अख्ख्या शॉमबर्ग गावात एकाच मराठी घरात पोचली, आणि त्या घरात सगळं अगदी उत्तम चाललं होतं! निदान मोरेश्वरकाकांचं मत तसं होतं. मार्चमध्ये शुभाकाकू गेल्या, तेव्हापासून काका एकटे राहत होते. दूध उतू जायचं, पण रोज नाही. मशीनमधून पांढरे कपडे गुलाबी होऊन निघायचे, पण सगळे नाही. देशाच्या दुसऱ्या टोकाच्या बॉथेलहून मुलगी आश्लेषा फोनवर विचारायची, "बाबा, नीट आहात ना?" आणि काका ठणकावून सांगायचे, "नीट? अगं, ग्रँडमास्टरसारखा राहतोय!"

आश्लेषाचं म्हणणं होतं की घर विकायचं आणि बाबांनी तिच्या बेसमेंटमध्ये राहायला यायचं. खूप वादावादी होऊन शेवटी तह झाला. नाताळात ती येऊन बघणार. सगळं ठीकठाक दिसलं तर घर राहील. काही विचित्र दिसलं तर दारात विक्रीची पाटी!

"खुशाल बघ!" काका म्हणाले होते.

आणि डिसेंबर लागतो न लागतो तोच ही बातमी. सकाळी चहा उकळत ठेवून काकांनी कॉम्प्युटर उघडला, तर ब्रॉनस्टाइन गेलेला! मिन्स्क शहरात, वयाच्या ब्याऐंशीव्या वर्षी. काकांना गलबलून आलं. उभी हयात त्यांनी ह्या माणसाचे डाव पटावर मांडून बघितले होते. शुभाकाकू म्हणायच्या, "लग्न माझ्याशी केलंत आणि संसार त्या रशियनाशी!"

तेवढ्यात मराठी मंडळाच्या विनीताचा फोन आला.

"काका, शनिवारच्या पॉटलक जेवणाला पेपर प्लेट्स तुमच्याकडे हं! अहो, आवाज असा का?"

"गेले गं."

"अगोबाई! कोण गेले?"

"आमच्या घरातलेच म्हण. इतक्या वर्षांचा सहवास... थांब, थांब, चहा उतू गेला!"

काकांनी गडबडीत फोन ओट्यावर टेकवला, तो थेट सांडलेल्या चहात. फोनने एक आचका दिला आणि त्यानेही प्राण सोडला.

काकांना त्याचं काही नव्हतं. त्यांनी पट काढला आणि एक्कावन्न सालचा जगज्जेतेपदाचा सामना मांडायला घेतला. काय सामना! समोर बॉटविनिक, सोव्हिएत बुद्धिबळाचा मेरुपर्वत. शेवटचे दोन डाव उरले होते आणि ब्रॉनस्टाइन एका गुणाने पुढे होता. त्यातला एक हरला, एक बरोबरीत सुटला. सामना बारा-बारा! आणि बरोबरी झाली की मुकुट जुन्या विजेत्याकडेच राहतो. काकांनी ब्रॉनस्टाइनचा फोटो प्रिंट केला, मिठाच्या डबीला टेकवून पटाशेजारी ठेवला, आणि बरं दिसेल म्हणून एक उदबत्तीही लावली.

तिकडे विनीताने मंडळाच्या ग्रुपवर ईमेल टाकली: मोरेश्वरकाकांच्या जवळच्या नातेवाइकांचं निधन झालं, ते फोनही उचलत नाहीयेत, आपण सगळ्यांनी जायला हवं. दुपारच्या जेवणापर्यंत 'नातेवाईक'चे 'बंधू' झाले. चहाच्या वेळेपर्यंत 'थोरले बंधू' झाले. एकाने तर त्यांच्या मनमिळाऊ स्वभावाच्या आठवणीही लिहिल्या!

संध्याकाळी बेल वाजली. दारात विनीता, तिचा नवरा गिरीश आणि शेजारच्या कॉम्प्लेक्समधला नागपूरचा सिद्धेश. तिघांच्या हातात पातेली. मागे बर्फात पार्किंग शोधणाऱ्या गाड्यांची रांग. ज्या घरात माणूस गेलं तिथे चूल पेटत नाही, म्हणून सगळे पिठलं-भात घेऊन आले होते. सात घरचं पिठलं, एकाहून एक पिवळं!

काका बघतच राहिले. बुद्धिबळाचं नाव काढलं की जांभया देणारी ही माणसं आज ब्रॉनस्टाइनसाठी बर्फ तुडवत आली होती!

"तुम्हाला कळलं?" काकांनी दार सताड उघडलं.

"सगळ्यांना कळलं, काका. कुठे असायचे?"

"मिन्स्कला."

"तिकडे थंडी फार असते ना," सिद्धेश आदराने म्हणाला.

विनीताने फोटोला नमस्कार केला. टक्कल, जाड चष्मा. "अगदी तुमच्यासारखेच दिसतात हो! आणि हा पट? आवड होती वाटतं?"

"आवड? अगं, तेच आयुष्य! पण कधीकधी पहिल्यांदा हात उचलायलाच पाऊण तास लावायचे म्हणे."

"सांधे," गिरीश समजूतदारपणे म्हणाला. "आमच्या नानांचं तसंच होतं."

"एक्कावन्न साली मात्र फार वाईट झालं. अर्ध्या गुणाने राहिलं!"

"अरेरे! मॅट्रिकला?"

"छे, त्याच्या फार वरचं. आणि पुढे लग्न कोणाशी केलं सांगू? पन्नास साली ज्याला हरवलं, त्याच्याच मुलीशी!"

विनीताने गिरीशकडे पाहिलं. दुःखात माणूस घरातल्या नको त्या गोष्टी बोलून जातो.

पंगत बसली. काका मन लावून जेवत होते. इतक्यात गिरीशचा सेलफोन वाजला. आश्लेषा! फिरत फिरत ती ईमेल बॉथेलला पोचली होती. गिरीशने फोन स्पीकरवर टाकला.

"बाबा! थोरले बंधू काय? तुम्हाला भाऊच नाहीये!"

"भाऊ? कसला भाऊ? अगं, ब्रॉनस्टाइन गेला!"

"हू?"

"एक्कावन्न सालचा! बॉटविनिकला बरोबरीत रोखलेला!"

फक्त सिद्धेशचा पापड वाजला.

"चेस प्लेअर?" आश्लेषाचा आवाज चढला. "बाबा, एका रशियन चेस प्लेअरच्या सुतकाला तुम्ही अख्खं मंडळ बसवलंत? बस! मी ह्याच वीकेंडला येते. घर विकायचं!"

"तो तसा मूळचा युक्रेनचा," काका म्हणाले. हे सांगायची ती वेळ नव्हती.

सगळे आपापल्या पानात बघू लागले. काय करावं न सुचून विनीता वाढायला डाव शोधायला उठली. तिने ओट्याखालचं कपाट उघडलं आणि किंचाळली, "माझा डबा!"

कपाट भरून भांडी होती. डबे, पातेली, काचेची भांडी. सगळी आरशासारखी लखलखीत.

"काका, ह्याचं झाकण घेऊन मी मार्चपासून शोधतेय!"

"आणि हा आमचा कुकर!" गिरीश ओरडला. "ह्याच्यापायी मी बोलणी खाल्ली! तूच हरवलास म्हणून!"

शुभाकाकू गेल्या तेव्हा ह्याच लोकांनी ह्याच घरी पिठलं-भात आणला होता. ती ही भांडी. काका पायाच्या अंगठ्याकडे बघत उभे राहिले.

"रिकामं भांडं परत द्यायचं नाही, असं शुभा म्हणायची. काहीतरी घालून द्यायची. मला काही करता येत नाही. म्हणून मग रविवारी काढतो, घासतो, परत ठेवतो."

फोनमधून नाक शिंकरल्याचं ऐकू आलं.

"बाबा."

"हं."

"घरात रवा आहे?"

"असेल. त्या निळ्या डब्यात ती ठेवायची."

"मग वीकेंडला नाही, ठरल्याप्रमाणे नाताळातच येते. आधी शिरा शिकवते. घराचं नंतर बघू."

"म्हणजे काका, मॅच ड्रॉ!" सिद्धेश म्हणाला.

काकांचा चेहरा खुलला. "ड्रॉ! आणि ड्रॉ झाली की मुकुट कोणाकडे राहतो, माहितीये?"

कोणालाच माहीत नव्हतं. काकांनी पट पुढे ओढला आणि पहिल्या डावापासून सांगायला सुरुवात केली. तिसऱ्या डावाशी मंडळाने जांभया देत आपापले कोट शोधले. पातेली तिथेच राहिली.

नाताळात आश्लेषा आली. पहिला शिरा करपला. दुसरा इतका घट्ट झाला की डाव त्यात उभा राहिला. तिसरा चांगला झाला, तो बापलेकीने उभ्याउभ्याच संपवला. घर विकलं नाही. नवा फोन आणला.

भांडी मात्र, मार्चमधली आणि ही आताची, परत द्यायची राहिली आहेत.