टायसकट शुद्धीकरण

माणसाला जिवापेक्षा अब्रू प्यारी असते, आणि कारखान्याला अब्रूपेक्षा लघुपट. आमच्या कारखान्याचा सुरक्षा अधिकारी मी. त्यामुळे ‘अंगावर रसायन सांडल्यास काय करावे’ हा लघुपट काढण्याचे काम माझ्याच गळ्यात पडले. लेखक, दिग्दर्शक आणि नायक मीच. (फुकट भिजायला दुसरे कोणी तयार नव्हते.)

मूळ संहिता सोपी होती. आधी कपडे उतरवावेत (डोक्यावरून ओढू नयेत, कापून काढावेत, बरेचसे विष कपड्यांबरोबरच जाते), ते पिशवीत बांधावेत, मग भरपूर पाण्याने अंग धुवावे. संहिता शालीनता समितीकडे गेली. समितीला पाणी पसंत पडले. कपड्यांबाबत मात्र असे ठरले, की अधिकाऱ्याने कर्मचाऱ्यांसमोर उघडे होणे शिस्तीस मारक आहे. माझ्या पोटाचा घेर पाहता मला हा निर्णय दूरदृष्टीचाच वाटला. पडद्यावर मी टायसकट शॉवरखाली उभा राहिलो आणि प्रसन्न हसलो. लघुपटाला बक्षीस मिळाले. बायको म्हणाली, “अहो, छान दिसताय, पण कपडे घालून कोण आंघोळ करतं?” कलेची जाण सर्वांनाच नसते.

गेल्या आठवड्यात पाइपाचा जोड सुटला आणि अ‍ॅसिडची पिचकारी थेट माझ्या छातीवर उडाली. मी धावत शॉवरखाली गेलो, साखळी ओढली आणि सवयीने हसलो. गर्दी जमली. नव्वद टक्के कर्मचाऱ्यांनी प्रसंग तत्काळ ओळखला (प्रशिक्षण यशस्वी झाल्याचा आणखी पुरावा कोणता?) आणि टाळ्या वाजवल्या. शर्टाखाली आगडोंब उसळला होता.

कँटीनवाला ओरडला, “साहेब, टाय सरळ करा! पिक्चरमध्ये सरळ होता!”

मी तो सरळ केला.

एवढ्यात दवाखान्यातल्या सिस्टर गर्दीत घुसल्या. “आधी शर्ट काढा!”

“अहो सिस्टर, लोक बघताहेत.”

“बघू देत! कातडी काय लोक शिवून देणारेत?” असे म्हणत त्यांनी शर्ट टराटरा कापला.

जीव वाचला. छातीवर मात्र गळ्यापासून पोटापर्यंत टायच्या आकाराचा डाग राहिला आहे. डॉक्टर म्हणतात, तो जायचा नाही. आता मी उघडा असलो तरी गणवेशातच दिसतो. समिती समाधानी आहे.

तुम्ही हसलात, बरे वाटले. आता वर न बघता सांगा, रसायन सांडलेला बनियन कसा काढायचा? ते मी वर कंसात सांगितले होते. तुम्ही ते गाळून पुढे गेलात ना? समितीनेही नेमके तेवढेच गाळले होते.