गाडी कुठून येणार?

तुम्ही परदेशी निघालात आणि ही बातमी सामंतकाकांच्या कानावर गेली, की ते अभिनंदन वगैरे करत नाहीत. भुवया वर करून एकच विचारतात, "गाडी कुठून येणार?" म्हणजे त्या देशात फुटपाथवरून रस्त्यात पाऊल टाकलं, की पहिली गाडी उजवीकडून येणार की डावीकडून. उत्तर चुकलं तर चहा गार होईपर्यंत व्याख्यान.

जपानात, टोकियोजवळच्या इचिकावात, आमच्याच इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर ते एकटे राहायचे. टोकियोतल्या एका बँकेत नोकरी. ऑफिसात सामंतसान, आम्हा मराठी मंडळींत सामंतकाका. काकू चार वर्षांपूर्वी लेकीच्या बाळंतपणाला अमेरिकेत गेल्या आणि तिथेच अपघातात गेल्या, एवढं सगळ्यांना माहीत होतं. त्यावर कोणी बोलत नसे. काकांचा बँकेतला करार मार्चमध्ये संपत होता, म्हणून लेक केतकी त्यांना कायमचं तिकडे बोलवत होती. नात चार वर्षांची झाली, पण काकांनी तिला फोनच्या पडद्यावरच पाहिलं होतं. "अमेरिकेनं बाजू बदलली की येतो," असं ते लेकीला सांगायचे. आम्ही हसायचो.

कारण देशांनी वाहतुकीची बाजू बदलणं हा त्यांचा ध्यास होता. गणपतीची आरती झाली, हातात मोदक आला, की ते एखाद्या नवख्या इंजिनिअरला कोपऱ्यात घ्यायचे. "स्वीडन! आख्खा देश थांबला, डावीकडून उजवीकडे सरकला, परत थांबला आणि मग निघाला. आपल्याला लिफ्टमध्ये जमत नाही हे." मग ब्रह्मदेश. तिथे बाजू बदलली पण बसगाड्या जुन्याच राहिल्या, त्यामुळे माणसं भर रस्त्यात उतरायची. मग सामोआ. शेजारच्या देशांतल्या जुन्या गाड्या स्वस्तात आणता याव्यात म्हणून त्यांनी बाजू बदलली, याचं काकांना भारी कौतुक. "हा खरा मध्यमवर्गीय देश!" तोवर नवख्याचा मोदक संपलेला असे आणि तो केविलवाणा होऊन आमच्याकडे बघत असे.

लोक ओकिनावाला समुद्र बघायला जातात. काका रस्ता बघायला गेले. अमेरिकनांच्या अमलापासून तिथे गाड्या रस्त्याच्या उजव्या बाजूनं चालायच्या, त्या एका सकाळी डावीकडे आल्या. काकांनी एक म्हातारा टॅक्सीवाला गाठला आणि मोडक्या जपानीत विचारलं, त्या दिवशी काय झालं? तो म्हणाला, सगळे हळू चालवत होते. समुद्राचा एकही फोटो न काढता काका एवढं एक वाक्य घेऊन परत आले. "सगळे हळू चालवत होते हो. घाई कुणालाच नव्हती," असं ते पुढे कितीतरी दिवस ज्याला-त्याला सांगत होते.

यंदा माझी कंपनीतर्फे फ्रँकफर्टला बदली ठरली. काकांना कळायला दोन दिवससुद्धा लागले नाहीत.

"मुग्धा, गाडी कुठून येणार?"

"डावीकडून, काका."

"तोंडाला माहितेय. मानेला माहितेय का?"

रविवारी सकाळी इमारतीमागच्या सायकलतळावर माझी शिकवणी लागली. फेब्रुवारीची थंडी, नाक गळतंय, आणि मी सिमेंटच्या कडेवर उभी. गाडी म्हणजे खुद्द काका, आपल्या बास्केटवाल्या सायकलवर. डावीकडून घंटी वाजवत यायचे आणि ओरडायचे, "मान! मान!" पहिल्या मजल्यावरच्या जपानी आजी खिडकीतून बघत होत्या. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.

आठ-दहा वेळा जमलं. मग माझा फोन वाजला, लक्ष उडालं, आणि मी सवयीनं उजवीकडे बघून पाऊल टाकलं. कचकन ब्रेक लागला आणि काका सायकलसकट आडवे झाले. मला आधी हसूच आलं. जवळ जाऊन चेहरा पाहिला आणि हसू गेलं.

"अस्संच," ते म्हणाले. "अस्संच केलं असणार तिनं."

मी हात दिला, तो त्यांनी धरला नाही. तिथेच कठड्याला टेकून बसले.

"मार्चएंड होता. मला रजा मिळाली नाही, ती एकटी गेली. नारिता विमानतळावर सोडताना बजावलं, रस्ता ओलांडताना आधी उजवीकडे बघ. जन्मभराची सवय गं, तोंडातून गेलं. तिथले पोलीस म्हणाले, बाई दुसरीकडेच बघत होत्या." ते कोपरावरची धूळ झटकत राहिले. "तीस वर्षांत तिनं माझं एक ऐकलं नाही, मुग्धा. हे ऐकलं."

आम्ही सगळे चार वर्षं हसत होतो, त्याची लाज वाटली.

"आणि केतकीला वाटतं, चूक तिची. दूध आणायला तिनंच आईला धाडलं होतं ना. दर फोनवर तेच बोलून रडते. मी म्हणतो, जाऊ दे बाळा. पण खरं ते सांगत नाही. पळपुटा आहे मी."

"सांगा ना तिला, काका."

ते उठले. सायकलचं वाकलेलं बास्केट सरळ केलं. "चल, परत. कडेवर हो," म्हणाले. या वेळी मी डावीकडे बघितलं.

मार्चमध्ये काका अमेरिकेला गेले नाहीत. मुंबईला गेले. तिथे गाड्या उजवीकडून येतात, निदान कायद्यानं तरी. महिन्यातून एकदा त्यांचा मला इथे फ्रँकफर्टला फोन येतो.

"गाडी कुठून येणार?"

"डावीकडून," मी म्हणते. आणि दर वेळी विचारते, "केतकीला सांगितलंत का?"

मग ते ओकिनावाच्या टॅक्सीवाल्याची गोष्ट पहिल्यापासून सांगायला लागतात. मी ऐकते. त्या दिवशी सगळे हळू चालवत होते म्हणे.