बारा पंच, खात्रीशीर!

मला फसवणारा माणूस अजून जन्माला यायचाय! वाण्याचा काटा, गॅसचं सिलिंडर, बायकोच्या माहेरचं लोणचं, सगळं मी तपासूनच घेतो. चिखलीतलं आमचं छोटं हीट ट्रीटमेंटचं शॉप त्यामुळेच टिकून आहे.

त्या आठवड्यात चाकणच्या एका कंपनीचे हायस्पीड स्टीलचे बारा पंच कडक करायला आले. पत्र्यावर दाब देऊन चकचकीत झाकणं काढायचे पंच. पास झाले की वर्षभराचं काम आपलं! नापास झाले तर त्या कंपनीचं गेटसुद्धा पुन्हा दिसणार नव्हतं.

भट्टीवर आमचा गणराज. लातूरचा, वीस वर्षांचा अनुभव. त्याने पंच तापवले, थंड केले, मग तीनदा टेंपरिंग. तीनदा शेकल्याशिवाय हे स्टील ठिसूळपणा सोडत नाही. तिन्ही वेळा मी भट्टीसमोर स्टूल टाकून बसलो. भरवसा कशाला ठेवायचा?

मग हार्डनेस मशीन. तिची हिऱ्याची अणी पंचावर दाबली की आकडा येतो.

"बासष्ट, साहेब! पायजे तेवढंच."

पण पठ्ठ्या पंचाच्या मागच्या टोकावरच तपासत होता! पुढच्या तोंडाला हातच लावत नव्हता. काय लपवतोय?

"पुढून लाव!"

"साहेब, पुढून नसतंय लावायचं, तिथं..."

"मध्ये बोलायचं नाही!"

पुढूनही बासष्ट. बाराच्या बारा! मग मला मशीनचाच संशय आला. सगळे पंच शेजारच्या सोपानरावांच्या मशीनवर नेले, तिथेही पुढूनच लावायला लावलं. बासष्ट! तेवढ्यात आठवलं, सोपानराव आणि गणराज रोज एकत्र चहा पितात. मग थेट भोसरीला, अनोळखी माणसाकडे. पंच उचलून गणराज मागे मागे. तो तोंड उघडायचा, मी ओठांवर बोट ठेवायचो. तिथेही पुढून बासष्ट! तेव्हा कुठे मला जेवण गेलं.

चाकणला कंपनीच्या निशिगंधा मॅडमनी पंच प्रेसला लावला. धाड! झाकण आरशासारखं चकचकीत, आणि त्यावर तीन पुटकुळ्या!

"मॅडम, तुमच्या पत्र्यातच काहीतरी गडबड आहे हं!"

त्यांनी पत्रा बदलला. पुन्हा तीन. पंच बदलला. तरी तीनच! मग त्यांनी पंच उजेडात धरला. तोंडावर हिऱ्याच्या अणीचे तीन खड्डे.

"कामाच्या तोंडावर कुणी टोचलं हे?"

बारा पंच गेले, वर्षाचं कामही गेलं. फार वाईट वाटलं हो!

परत आल्यावर गणराजवर ओरडलो, "आधी का नाही सांगितलंस?"

"तीनदा सांगालतो की, साहेब. दर टायमाला तुम्ही गप बस म्हणलाव."

तीनदा? मला तर दोनदाच आठवतंय. सोपानरावांना विचारून एकदा खात्री करून घेतो!