बाळाचं नाव कुणी पळवलं?

माझ्या नजरेतून मुंगीसुद्धा सुटत नाही. पोटासाठी मी घड्याळं दुरुस्त करतो, पण पिंड गुप्तहेराचा. माझ्या बुद्धीची धास्ती घेऊन आमच्या गल्लीत गुन्हेच होत नाहीत, त्यामुळे नाव व्हायचं राहून गेलंय.

परवा धाकट्या बहिणीने रडतच बोलावलं. लेकीसाठी तिने आणि भाऊजींनी निसर्गातलं, जगावेगळं नाव ठरवलं होतं. कुणी ढापू नये म्हणून कुठे लिहिलं नाही, कुणाला सांगितलं नाही. मग बाळाने दोघांची झोप अशी उडवली, की नावही डोक्यातून उडालं. संध्याकाळी बारशाला पाहुणे येणार होते. तोवर आठवलं नाही, तर आत्याबाई सुचवतील ते नाव ठेवायचं ठरलं होतं.

"दादा, दुसरं कुठलंही नाव तिच्यासाठी परकं वाटतं रे," बहीण म्हणाली.

भाऊजींना एवढंच आठवत होतं, की पहाटेशी काहीतरी संबंध होता.

"कोंबडा," मी ताबडतोब म्हणालो.

बहिणीने कपाळावर हात मारला. खिडकीतल्या कुंडीचं निरीक्षण करून मी निवडुंग सुचवला.

"मुलगी आहे दादा, कुंपण नाही."

आता उरल्या तिच्या सासूबाई. बाळाला अंघोळ घालताना त्या रोज दार लोटून घेत आणि आत कुजबुजत. पुरावा नष्ट करण्याची ही जुनी पद्धत. मी दाराला कान लावला, दार उघडलं आणि मी थेट बादलीशेजारी आडवा झालो.

"दहिवर, बघ गं, मामा पाय न धुताच आत आला," सासूबाई बाळाला म्हणाल्या.

बहीण धावत आली. "आई, हेच नाव! पहाटेचं दव! तुम्हाला कसं कळलं?"

"दवाखान्यात गुंगीत तूच सांगितलंस. माझा हात धरून म्हणालीस, कुणाला सांगू नका. म्हणून नाही सांगितलं."

"अहो, पण आम्ही आठवडाभर शोधतोय!"

"मला कुणी विचारलं?"

संध्याकाळी बहीण म्हणाली, "आई, नाव तुम्हीच सांगा." सासूबाई उभ्या राहिल्या, पण सवयीने बाळाच्या कानातच कुजबुजल्या. मग बहिणीने त्यांचा हात धरला आणि दोघींनी मिळून नाव सांगितलं.

माझ्या डोळ्यांत पाणी कुठून आलं, याचा तपास अजून चालू आहे.