रडा, पन कागद सांबाळा

आमच्या घरच्या वर्तमानपत्राला खिडक्या असतात. पोऱ्या टाकतो तेव्हा पेपर अखंडच असतो, पण तो आधी शेजारचे गजभिये काका उचलतात आणि कात्री लावून आमच्याकडे पाठवतात. काका अपघातांच्या बातम्या कापून घेतात. पाठच्या बाजूला काय छापलंय याच्याशी त्यांना देणंघेणं नाही. त्यामुळे सात वर्षांत माझ्या बायकोला एकही पाककृती पूर्ण वाचायला मिळालेली नाही. 'मंद आचेवर' इथपर्यंत येतं आणि पुढची भाजी कुठल्यातरी ट्रकखाली गेलेली असते.

नोकरीसाठी आम्ही पुण्याहून छत्तीसगडात, रायपूरला आलो, त्याच आठवड्यात मी त्यांना विचारलं, "काका, या बातम्या कशाला हो कापता?"

"मंग त्याहिले सांगन कोन?"

"कुणाला? काय?"

"मेलेल्याच्या घरच्याहिले! का भरपाईचा दावा लावता येते म्हून. लोकाहिले माहीतच नसते ना बाप्पा!"

काका मूळचे नागपूरकडचे, रेल्वेच्या पार्सल ऑफिसातून निवृत्त झालेले. वकील नाहीत, दलाल नाहीत. बातमी वाचायची, पत्ता शोधायचा, तेरावं होऊ द्यायचं आणि मग सायकल काढायची. त्या घरी जाऊन बसायचं आणि सांगायचं, "रडा, पोटभर रडा, पन कागद सांबाळा." मग एफआयआरची कॉपी, पोस्टमार्टमचा रिपोर्ट, रेशनकार्ड, सगळं गोळा करून आपल्या विश्वासातल्या एका वकीलबाईंकडे पोचवायचं. बदल्यात चहाखेरीज काही घेत नाहीत. चहा मात्र दोनदा घेतात.

"लोकाच्या घरी पाव्हणे येतेत," काकू म्हणतात, "आमच्या घरी झेरॉक्सा येतेत."

प्रत्येक घरी स्वागत होतंच असं नाही. एकदा एका घरच्या थोरल्या भावानं त्यांना दलाल समजून काठी घेऊन गल्लीच्या टोकापर्यंत पळवलं. काका अनवाणी घरी आले. दुसऱ्या दिवशी पुन्हा तिथेच हजर. "चप्पल न्याले आलो, भैया," म्हणाले आणि चप्पल शोधता शोधता ओसरीवर टेकले. उठले तेव्हा काखेत त्या घरची सगळी कागदपत्रं होती. चप्पल पुन्हा विसरले.

एका रविवारी सायकल पंक्चर होती म्हणून मला स्कूटर काढायला लावली. जायचं होतं शहराबाहेरच्या कारखान्यांच्या वस्तीत, बीरगांवला. तिथे कारखान्यात काम करणाऱ्या मनहरण नावाच्या माणसाची बायको सुकवारो रस्ता ओलांडताना ट्रकखाली गेली होती. मनहरण खाटेवर बसला होता, आत त्याची म्हातारी आई झोपून होती, आणि चौदा-पंधरा वर्षांची मुलगी, दुर्गा, दाराशी उभी होती.

काकांनी दाव्याचं सांगितलं. मनहरणनं मान हलवली. "काय के दावा, कका? वो तो कुछु नइ करत रिहिस. घर म रहय."

ती काही करत नव्हती, घरी असायची, हे ऐकून काकांचा चेहरा असा झाला, जणू कुणी त्यांचं पार्सल भलत्याच गाडीत चढवलं होतं.

"सबेरे चार बजे कौन उठता था?"

"वोही."

"नल से पानी कौन भरता था?"

"वोही."

"तेरा टिफिन?"

"वोही, कका."

"और अम्मा को उठाना, नहलाना?"

मनहरणनं आत आईकडे पाहिलं. दुर्गाच हळूच म्हणाली, "मेरी चोटी भी." मग आत जाऊन वही घेऊन आली आणि न सांगताच आईची कामं लिहायला बसली. गोवऱ्या, बकरी, शेजारणीच्या बाळंतपणातली धावपळ, बापाच्या वर्दीची बटणं. पान उलटलं तसा मनहरण हमसून हमसून रडू लागला. मला वाटलं, आता काका आपलं ठरलेलं वाक्य म्हणतील. पण ते दुर्गाला एवढंच म्हणाले, "लिख बेटी. आराम से लिख."

खटला रेंगाळत चालला. मनहरणच्या साक्षीला काकांनी मलाही ओढून नेलं. विमा कंपनीच्या वकिलानं विचारलं, "आपकी पत्नी कोई काम नहीं करती थी, सही है?" मनहरणनं खिशातून वहीची पानं काढली. त्याला ती बाजूला ठेवायला सांगितली, तर गडी पाठच म्हणू लागला! पहाटे चारला सुरू झाला तो थांबेचना. टंकलेखकानं हात वर केले. जज्जसाहेब म्हणाले, "ज़रा धीरे." मनहरण म्हणाला, "साहब, अभी तो मंझनिया नइ होय हे." अजून दुपारही झाली नव्हती. सारं कोर्ट हसलं. वकीलसाहेब मात्र पुढचा प्रश्न विसरले.

दावा मंजूर झाला. त्या दिवशी काकांनी आमच्याकडे तीनदा चहा घेतला.

गेल्या महिन्यात बायकोला कुकर घ्यायचा होता, म्हणून आम्ही गोल बाजारात गेलो. घासाघीस करायला काका सोबत होतेच. दोन दुकानं पलीकडे मला मनहरण दिसला. बरोबर दुर्गा, आता चांगली उंच झालेली. दुकानदार समोर परात, हंडे, डबे मांडत होता. लग्नाची खरेदी असावी. बाप काहीतरी बोलला आणि दुर्गा खळखळून हसली.

मी हाक मारायला हात वर केला. तेवढ्यात काकांनी माझं कोपर धरून मला बादल्यांच्या ढिगामागे ओढलं आणि स्वतः भिंतीकडे तोंड करून उभे राहिले.

"काका, अहो, मनहरण आहे!"

"पाह्यलं मी. हळू बोल."

"मग भेटा ना! तुमच्यामुळेच तर—"

"थे ठीक हाय. पन आज पोट्टी हासून राहिली ना. मले पाह्यलं का तिले माय आठवन. माहं थोबाड म्हंजे त्याहिच्या घरचा थो दिवस." मग बादलीच्या कडीशी चाळा करत म्हणाले, "काम झाल्यावर कोनी येत नाही माह्याकडे. येऊबी नये."

मी ढिगाआडच थांबलो. त्यांची खरेदी उरकली. मनहरणनं परात डोक्यावर घेतली, दुर्गानं डबे उचलले, आणि दोघं गर्दीत शिरले. तेव्हा कुठे काका वळले. टाचा उंचावून, ती परात दिसेनाशी होईपर्यंत पाहत राहिले.

"जाड बुडाची घेतली," ते म्हणाले. "चांगली घेतली."