मीम आणि नूनच्या मधलं अक्षर

खलील मास्तर वाटेत भेटले की सलाम करण्याआधी समोरच्याच्या नाकाच्या शेंड्याला बोट लावत. "म्हणा," असं म्हणत आणि काय म्हणायचं ते स्वतः करून दाखवत. ओठ घट्ट मिटलेले, डोळे वर, गळ्याची शीर ताठ आणि नाकातून घागरीत भुंगा अडकल्यासारखा आवाज. त्यांना टाळायला उमरग्यातले लोक लांबच्या गल्लीनं जात. मला ती सोय नव्हती. निजामाच्या शाळेत आम्ही दोघंही मास्तर, ते पहिलीला, मी हिसाबाला, आणि राहायला भिंतीला भिंत.

हैदराबादच्या जुन्या बाजारातून त्यांनी उच्चारांवरचं एक इंग्रजी पुस्तक आणलं होतं. पुठ्ठा गेलेला, अर्धी पानं वाळवीनं खाल्लेली. उरलेल्या पानांत नेमकं हे अक्षर निघालं. आफ्रिकेतल्या काही मुलखांत 'म' आणि 'ङ' एकाच दमात, मिळून एकच व्यंजन म्हणून बोलतात म्हणे.

"मागंपुढं न्हाय, एकदम," ते मला समजावत. "ओठाला एक कुलूप, पडजिभेपाशी दुसरं. आवाजाला बाहेर पडायला खिडकी फक्त नाकाची. दोन कुलपं, एक खिडकी. लई नाजूक काम हाय."

हे नाजूक काम तीन वर्षं चाललं होतं. एकदा वस्तरा गळ्यावर असताना त्यांनी ते केलं, तेव्हा न्हावीच घाबरून ओट्याखाली उतरला. गल्लीतल्या हकीमसाहेबांनी जुनं पडसं समजून ओव्याची पुरचुंडी पाठवली. मास्तरांनी ती मनापासून हुंगली आणि खिडकी साफ झाली म्हणून हकीमसाहेबांना दुवा दिला.

नाद घरापुरता असता तर कुणाचं काही बिघडलं नसतं, पण त्यांनी तो वर्गात नेला. पहिलीची पोरं उर्दू मुळाक्षरं घोकताना "लाम, मीम" म्हणत, मग ओठ मिटून सगळी घुमत आणि त्यानंतरच "नून"वर येत. हेडमास्तरांनी बोलावून बजावलं, गुलबर्ग्याहून तपासणीसाहेब येताहेत, त्यांच्यापुढं हे झालं तर नोकरी जाईल. मास्तरांच्या घरात ते आणि त्यांची थोरली बहीण, सकीनाआपा. पगाराखेरीज दुसरा आधार नाही. मला खरंच राग आला.

"आपांचा तरी विचार करा," मी म्हटलं.

"त्यांचाच करतोय," मास्तर म्हणाले आणि पोरांच्या पाट्या पुसू लागले. माणूस हाताबाहेर गेला, असं मी ठरवून टाकलं.

साहेब आले. शेरवानी, चष्मा, हातात शेऱ्याची वही. हेडमास्तरांच्या मागं मीही पहिलीच्या दारात उभा राहिलो. पोरांनी सुरुवात केली. मीमपर्यंत सगळं ठीक होतं. मग अख्खा वर्ग घुमला. दारात बसलेली शेळी उठून निघून गेली.

"ये कौनसा हर्फ है?" साहेबांनी त्या जादा अक्षराबद्दल विचारलं.

मास्तरांनी टोपी सारखी केली. "मेरी आपा का है, साहब."

मग त्यांनी उर्दूत सगळं सांगितलं. आपांचे कान तान्हेपणीच तापात गेले. बोलणं त्यांच्या कानावर कधी पडलंच नाही. आई गेल्यावर धाकट्या भावाला त्यांनी वाढवलं आणि त्याला हाक मारायला त्यांच्यापाशी हा एकच आवाज होता. धड मीम नाही, धड नून नाही. गाव त्यांना मुकी म्हणतं. पण दुनियेत कुठंतरी माणसं हे अक्षर रोज बोलतात, साहेब. मग माझी आपा मुकी कशी?

साहेबांनी तोंडापुढं रुमाल धरून स्वतः एकदा प्रयत्न केला. जमलं नाही. वहीत त्यांनी शेरा लिहिला, 'तलफ्फुज साफ', म्हणजे उच्चार स्वच्छ, आणि पुढच्या वर्गाकडे वळले. हेडमास्तरांनी कपाळाचा घाम पुसला.

मला मात्र लाज वाटली. भिंतीपलीकडून तो आवाज मी किती वेळा ऐकला होता आणि दर वेळी तो मास्तरांचाच असं धरून चाललो होतो.

संध्याकाळी मी त्यांच्याकडे गेलो. शेजारचा म्हणून आपांना माझा पडदा नव्हता. त्या सुपात जवारी निवडत बसल्या होत्या. मी पुढ्यात बसलो आणि ओठ मिटून ते अक्षर म्हटलं. त्यांनी माझ्या गळ्याकडे निरखून पाहिलं, सूप बाजूला ठेवलं आणि ठाम नकारार्थी मान हलवली. मग स्वतःच्या गळ्यावर बोट ठेवून त्यांनी तो आवाज सावकाश करून दाखवला. मी पुन्हा म्हटलं. पुन्हा नकार.

"घाई करू नका," उंबऱ्यातून मास्तर म्हणाले. "मला तीन वर्षं झाली, अजून पास केलं न्हाय."

जन्मात पहिल्यांदाच आपा घराबाहेरच्या कुणाला काहीतरी शिकवत होत्या. त्यांचा चेहरा असा उजळला होता, की मी मुद्दाम आणखी दोनदा चुकलो.